मेघ, नाद आणि अंबर : एका न लिहिलेल्या वस्त्रशास्त्राचा शोध

१

भारतीय शास्त्रवाङ्मयाने विषयांच्या निवडीत फारसा संकोच केलेला दिसत नाही. नाट्य, संगीत, शिल्प, वास्तू, पाककला, अश्वचिकित्सा, गजचिकित्सा, रत्नपरीक्षा यांवर स्वतंत्र ग्रंथ आहेत. ससाण्याकरवी करावयाच्या शिकारीवरील ‘श्यैनिकशास्त्र’ही आहे, हरप्रसाद शास्त्री यांनी ते संपादिले आणि १९१० मध्ये कोलकात्याच्या एशियाटिक सोसायटीने ते प्रसिद्ध केले. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने तेराव्या शतकात शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ रचून नादाचे शास्त्र पुढील अनेक शतकांसाठी बांधून दिले. कापड विणण्याच्या कलेला मात्र असा ग्रंथ लाभला नाही. ज्या देशाचे कापड एके काळी रोमपासून जावापर्यंत पोचले, त्या देशात मागाविषयी ‘नाट्यशास्त्रा’च्या किंवा ‘संगीतरत्नाकरा’च्या तोलाचा एकही संस्कृत ग्रंथ प्रसिद्ध नसावा, ही वाङ्मयेतिहासाने सहज ओलांडून जावी अशी गोष्ट नव्हे.

शास्त्राची स्वतःची परिभाषा पाहिली म्हणजे ही उणीव अधिकच जाणवते. सूत्र म्हणजे धागा. ‘तंत्र’ हा शब्द मूळचा मागाचा आणि मागावरील ताण्याचा. विस्तारणे, ताणणे या अर्थाच्या ‘तन्’ धातूपासून तो बनला आणि नंतर पद्धतशीर ग्रंथाला लागू झाला. ‘ग्रंथ’ शब्दात गुंफण्याची व गाठ मारण्याची क्रिया आहे. एखादा विचार सर्वत्र भरून राहिला आहे असे सांगताना मराठी लेखक ‘ओतप्रोत’ म्हणतो, तेव्हा तो नकळत उभ्या-आडव्या धाग्यांबद्दलच बोलत असतो. शास्त्रकारांनी ग्रंथाची नावे मागाकडून घेतली. मागाला ग्रंथ दिला नाही.

वैदिक ऋषींना मागाचे बारकावे माहीत होते. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १३० व्या सूक्तात यज्ञ हा पितरांनी विणलेला पट आहे आणि सामगाने हे त्या पटात फिरणारे धोटे आहेत. अथर्ववेदाच्या स्कंभसूक्तात भिन्न रूपांच्या दोन युवती सहा खुंट्यांवर ताणलेला पट आळीपाळीने विणतात. त्या दोघींना दिवस-रात्र आणि सहा खुंट्यांना सहा ऋतू समजण्याचा प्रघात आहे. बृहदारण्यकोपनिषदात गार्गी याज्ञवल्क्याला विचारते की, हे सर्व ज्यावर ओतप्रोत आहे ते पाणी कशावर ओतप्रोत आहे. आणि उत्तर येते, वायूवर. नाद, ऋतू, पाणी आणि वारा ही सर्व अशा रीतीने अगदी आरंभापासून विणली जात होती. परंतु ती दृष्टांतात विणली जात होती. दृष्टांत ज्या हातांवरून घेतला त्या हातांचे ज्ञान कोणी सूत्रबद्ध केले नाही.

कौटिल्याचा अपवाद येथे आठवेल. ‘अर्थशास्त्रा’त सूत्राध्यक्षाचे स्वतंत्र प्रकरण आहे आणि वंग देशाचे दुकूल पांढरे व मऊ, पुंड्र देशाचे सावळे व रत्नासारखे नितळ, अशी वर्णनेही आहेत. पहाटे सूतशाळेत सूत आणून देणाऱ्या स्त्रियांबाबत कौटिल्याचा नियम असा की, दिव्याचा उजेड सूत तपासण्यापुरताच असावा. स्त्रीच्या मुखाकडे पाहणाऱ्या अधिकाऱ्यास दंड करावा. नियम स्त्रीच्या रक्षणासाठी आहे हे खरे. पण राज्यशास्त्राचा उजेड किती दूर पोचत होता, याचेही ते नेमके माप आहे. धागा तलम आहे की जाड, हे त्याला दिसत होते. तो तलम कसा झाला, हे त्या उजेडाच्या बाहेर राहिले.

तेव्हा असे शास्त्र लिहिले गेले असते तर त्यात काय असते, हा प्रश्न विचारणे निरर्थक नाही. त्याची पाने विखुरलेली आहेत. ती जुळविता येतात. योगायोगाची गोष्ट अशी की, त्यांपैकी महत्त्वाची काही पाने वेगवेगळ्या निमित्तांनी कोलकात्यातच छापली गेली. ऋतू, नाद आणि अंबर अशी तीन प्रकरणे कल्पून ती पाने येथे एकत्र वाचावयाची आहेत.

२

पहिले प्रकरण ऋतूचे. १८४० मध्ये कोलकात्यात एक पुस्तक छापले गेले. ढाक्याचा सिव्हिल सर्जन जेम्स टेलर याने लिहिलेले ते ढाका जिल्ह्याचे स्थलवर्णन होते. १८५१ मध्ये, लंडनच्या मोठ्या औद्योगिक प्रदर्शनाच्या वर्षी, ढाक्याच्या कापूसकामावर एक निनावी पुस्तक लंडनला निघाले. तेही सामान्यतः टेलरचेच मानले जाते. मलमलीचा धंदा मोडकळीस आला असताना केलेल्या या नोंदी आहेत, आणि एका डॉक्टरच्या नजरेने केलेल्या असल्यामुळे त्यांत हवामानाकडे विशेष लक्ष आहे.

त्यांतून दिसणारे चित्र असे. मेघना नदीच्या आसपासच्या जमिनीत ‘फुटी’ नावाचा कापूस होई. बोआल माशाच्या दातेरी जबड्याने सरकी व कचरा काढून तो विंचरला जाई. अत्यंत तलम सूत बहुधा तरुण स्त्रिया टकळीवर काढीत. उजाडल्यापासून नऊ-दहा वाजेपर्यंत आणि पुन्हा तिसऱ्या प्रहरानंतर सूर्यास्ताच्या थोडे आधीपर्यंत, एवढाच त्यांच्या कामाचा काळ. सर्वांत तलम धागा गवतावरचे दव उन्हाने सुकण्यापूर्वी निघे. हवा कोरडी असली तर उथळ भांड्यात पाणी ठेवून त्यावर सूत काढावे लागे. विणकरालाही हीच अडचण होती: पावसाळ्याच्या तोंडापासून श्रावणापर्यंतचा दमट काळ उत्तम मलमलीला अनुकूल, आणि उन्हाळ्यात ताण्याखाली पाण्याची भांडी मांडूनच माग चालवावयाचा.

याचे कारण कापसाच्या तंतूच्या स्वभावात आहे. ओलावा मिळाला की तो लवचीक व बळकट होतो. कोरड्या हवेत ठिसूळ होऊन तुटतो. पुढे लँकेशायरच्या विणकामाच्या कारखान्यांत वाफ सोडून हवा दमट ठेवीत, तेही याच कारणासाठी. त्या वाफेला मर्यादा घालणारा कायदा इंग्लंडला १८८९ मध्ये करावा लागला. बंगालच्या सूतकताई करणारीने तीच गोष्ट पहाट, पाऊस आणि एक पाण्याचे भांडे यांच्या साहाय्याने साधली होती.

ही माहिती ध्यानात ठेवून मलमलीची नावे वाचावीत. ‘शबनम’ म्हणजे दव, ‘आब-इ-रवाँ’ म्हणजे वाहते पाणी, ‘बाफ्त-हवा’ म्हणजे विणलेली हवा. वाङ्मयाचे अभ्यासक ही नावे अतिशयोक्तीची उदाहरणे म्हणून देतात. गवतावर पसरलेले कापड दवासारखे दिसेनासे होई, पाण्यात बुडविले की पाणीच होई, अशा आख्यायिकाही सांगितल्या जातात. विल्यम बोल्ट्सने १७७२ मध्ये नमूद केलेली एक कथा अशी की, नवाब अलिवर्दीखानाच्या काळी एका विणकराने गवतावर पसरलेले आब-इ-रवाँ त्याच्या गाईने गवताबरोबर खाऊन टाकले आणि त्या हलगर्जीपणाबद्दल त्याला ढाक्यातून हाकलण्यात आले. कथा खरी असो वा नसो, तिच्यात एक खरा तपशील आहे: कापड गवतावर पसरणे ही धुलाईतील एक आवश्यक पायरी होती. दवाची उपमा राजवाड्यातील कवीला सुचण्यापूर्वी ते कापड प्रत्यक्ष दवात पडलेले होते, आणि त्याचे सूतही दवाच्या वेळीच निघाले होते.

सातव्या शतकात बाणभट्टाने ‘हर्षचरिता’त राज्यश्रीच्या विवाहप्रसंगीची वस्त्रे वर्णिली आहेत. ती सापाच्या कातेसारखी आहेत, निःश्वासाने उडून जातील अशी आहेत, स्पर्शानेच त्यांचे अस्तित्व अनुमानावे लागते. बाण हे नेसणाऱ्याच्या व पाहणाऱ्याच्या बाजूने लिहितो. फारसी नावे देणारेही विकत घेणाऱ्याच्या बाजूचे होते. भाषाच ते सांगते. कातणाऱ्या स्त्रीने आपल्या धाग्याला दिलेले नाव या यादीत नाही. पण दव, पाणी आणि हवा हे तिचे कामाचे साहित्य होते, आणि दरबारी नावांत ते तिच्या संमतीवाचून उतरले आहे. या नावांना केवळ अलंकार म्हटले की या स्त्रीचा उरलासुरला माग पुसला जातो.

३

ऋतू व वस्त्र यांच्यामध्ये नाद कसा येतो, हे पाहण्यास एका शब्दाची वाटचाल उपयोगी पडते. तो शब्द ‘मेघडंबर’.

‘आडंबर’ हे संस्कृतात प्रथम एका वाद्याचे, मोठ्या ढोलाचे नाव आहे. शुक्ल यजुर्वेदाच्या तिसाव्या अध्यायात निरनिराळ्या देवतांना निरनिराळे व्यावसायिक वाहिले आहेत; त्यांत शब्द या देवतेच्या वाट्याला आडंबर वाजविणारा येतो. पुढे मोठा आवाज, हत्तीचा चीत्कार, रणवाद्यांचा घोष, असे अर्थ त्याला जडले. मेघाचा आडंबर म्हणजे ढगांचा ढोल, गडगडाट. परिणामी शून्य ठरणाऱ्या गोष्टींची यादी देणारे एक प्रसिद्ध सुभाषित शेळ्यांच्या झुंजीच्या आणि नवराबायकोच्या भांडणाच्या जोडीला पहाटेचा मेघडंबरही बसविते. तेथे अर्थ अजून आवाजाचा आणि आभाळ भरून येण्याचा, दोन्ही मिळून आहे.

पुढे हा शब्द कापडाकडे वळतो. ‘आईन-इ-अकबरी’त हत्तीच्या साजाचे वर्णन करताना अबुल फजल मेघडंबर नावाच्या छताचा उल्लेख करतो. माहुताला सावली देणारे हे छत बादशहाच्या कल्पनेतून आले, असे तो सांगतो. या ग्रंथाच्या पहिल्या भागाचा ब्लॉखमनकृत इंग्रजी अनुवाद एशियाटिक सोसायटीने १८७३ मध्ये कोलकात्यात प्रसिद्ध केला. तेव्हापासून हा उल्लेख अभ्यासकांना सुलभ झाला. बंगाली मध्ययुगीन काव्यात व लोकगीतांत ‘मेघडंबर’, उच्चारभेदाने ‘मेघडुंबुर’, ही नायिकेची साडी आहे: दाटून आलेल्या ढगाच्या रंगाची. मराठीत ‘मेघडंबरी’ म्हणजे देवाच्या किंवा राजाच्या आसनावरील छत. रायगडावरील सिंहासनाच्या संदर्भात हा शब्द आज सर्वांच्या परिचयाचा आहे.

अर्थाचा हा प्रवास ढोलापासून गडगडाटापर्यंत, गडगडाटापासून काळ्या ढगापर्यंत आणि ढगापासून वस्त्रापर्यंत आला. वाटेत शब्दातील ध्वनी हळूहळू मुका झाला. बंगालच्या साडीत रंग उरला, मराठीच्या छतात सावली उरली. ढोल कोणालाच ऐकू येईनासा झाला. मराठीने मात्र त्याच मूळ शब्दाची दुसरी शाखा वेगळी राखली. ‘आडंबर’पासून आलेल्या ‘अवडंबर’ या शब्दात आवाज शिल्लक आहे, पण तो पोकळ दिखाव्याचा आवाज आहे. ढोलाचा घोष एका शाखेत वस्त्र झाला, दुसरीत गाजावाजा झाला.

हा विसरलेला ध्वनी एका कवीने परत आणला. ‘रामचरितमानसा’च्या लंकाकांडात सुवेल पर्वतावरील राम दक्षिणेकडे पाहतो, तेव्हा त्याला दाटलेला मेघ, चमकणारी वीज आणि मधुर गर्जना जाणवते. बिभीषण त्याचा भ्रम दूर करतो: तेथे मेघ नाही, वीज नाही. रावणाच्या मस्तकावरचे मेघडंबर छत्र हा तो काळा ढग, मंदोदरीची कर्णभूषणे ही वीज, आणि सभेत वाजणारा मृदंग हा गडगडाट. येथे तुलसीदासाने शब्दाचे सगळे थर एका प्रसंगात उलगडले आहेत. छत्र मेघासारखे आहे एवढ्यावर तो थांबत नाही. मेघाला त्याचा आवाज परत द्यावयाचा तर ढोल लागतो, म्हणून तो मृदंग आणतो. राम एका बाणाने छत्र, मुकुट आणि कर्णभूषणे पाडतो, तेव्हा मेघडंबराचे अवडंबरही कोसळते. ‘मेघडंबर’ शब्दाचे यापेक्षा पूर्ण भाष्य कोशात सापडणे कठीण.

वस्त्र, ऋतू व नाद यांची अशी देवघेव नावांच्या पातळीवर इतरत्रही आढळते. राग मेघ ऋतूच्या नावाचा आहे आणि राग नीलांबरी वस्त्राच्या नावाचा. बंगालची निळी नीलांबरी साडी वैष्णव पदावलीत राधेच्या काळोख्या अभिसाराशी जोडली गेली. महाराष्ट्रात संक्रांतीला नेसावयाच्या काळ्या लुगड्याचे नाव चंद्रकळा. ताण्याला एक रंग आणि बाण्याला दुसरा असला म्हणजे उजेडानुसार रंग पालटणारे जे वस्त्र निघते, त्याला मराठी बाजारपेठ ‘धूपछाव’ म्हणते. हे शेवटचे नाव विशेष अर्थपूर्ण आहे, कारण त्यात हवामानाचे वर्णन व विणकामाची कृती एकच होते: ऊन आणि सावली तेथे खरोखरच उभ्या व आडव्या धाग्यांत वाटून दिलेली असतात.

४

दुसरे प्रकरण नादाचे. संस्कृतात विणकराला ‘तंतुवाय’ म्हणतात आणि वीणेच्या तारेला ‘तंत्री’. मराठीत वीणा हे तंतुवाद्य. ताणलेला धागा हा माग आणि वीणा यांना समान आहे. तथापि नाद आणि विणकाम यांचा खरा संबंध या शब्दसाम्याहून खोल आहे, आणि तो स्मरणाशी निगडित आहे.

गुंतागुंतीचे नक्षीकाम विणताना कोणता धागा केव्हा उचलावयाचा, हे लक्षात ठेवणे हा मुख्य प्रश्न असतो. काश्मीरच्या शालींच्या कारखान्यांत त्याचे उत्तर ‘तालीम’ या पद्धतीने दिले गेले. मूरक्रॉफ्टने १८२० नंतरच्या दशकात केलेल्या नोंदी १८४१ मध्ये लंडनला प्रसिद्ध झाल्या. त्यांत नक्काश, तरह-गुरू व तालीम-गुरू यांची कामे सांगितली आहेत. नक्काश आकृती काढी. तरह-गुरू ती समोर ठेवून कोणता रंग किती धाग्यांवर न्यावयाचा हे तळापासून एकेक ओळ पुकारीत जाई. तालीम-गुरू ते एका सांकेतिक लिपीत उतरवी. गालिचांच्या मागावर ही तालीम एकाने मोठ्याने वाचावी आणि विणकरांनी तिला हुंकार देत गाठी माराव्यात, अशीही रीत होती. रंग प्रथम आवाज होतो, आवाज अक्षर होतो आणि अक्षर पुन्हा धागा होते. सामगानाला धोटा म्हणणाऱ्या वैदिक ऋषीची कल्पना येथे कार्यशाळेचा नित्यक्रम बनलेली दिसते.

पूर्व बंगालच्या जामदानीत कागदही नसे. मागावर उस्ताद व शागीर्द शेजारी बसत आणि नक्षीची रीत तोंडी ‘बुली’तून एका पिढीकडून दुसरीकडे जाई. ढाका परिसरातील या जामदानीला २०१३ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळाले. फाळणीनंतर पूर्व बंगालमधील अनेक विणकर घराणी कोलकात्याच्या उत्तरेस नदिया जिल्ह्यात फुलिया-शांतिपूरकडे आली. येताना जे ज्ञान त्यांनी आणले, त्याचा फार मोठा भाग ग्रंथात नव्हता. तो हातात आणि कानात होता.

या प्रकरणातील सर्वांत करुण पान मात्र साहित्याच्या इतिहासातील आहे. हरप्रसाद शास्त्री यांना १९०७ मध्ये नेपाळ दरबारच्या ग्रंथालयात चर्यागीतांची पोथी मिळाली आणि १९१६ मध्ये वंगीय साहित्य परिषदेने ती कोलकात्यात प्रसिद्ध केली. नव्य भारतीय भाषांच्या आरंभकाळाचा हा अमोल पुरावा. प्रत्येक गीतावर रागाचे नाव आहे. त्यांत पावसाशी नाते सांगणारा मल्लारीही आहे. परंतु पोथीची काही पाने गळाली होती. तेविसाव्या गीताचा अर्धा भाग आणि चोविसावे, पंचविसावे व अठ्ठेचाळिसावे ही गीते त्यांत नव्हती. पंचविसावे गीत तंत्रीपादाचे, म्हणजे विणकर सिद्धाचे होते. त्याच्या लगतचे सव्विसावे, शांतिपादाचे, शिल्लक आहे. त्यात कापूस पिंजत पिंजत शून्यापर्यंत नेण्याचे रूपक आहे. पिंजाऱ्याचे रूपक वाचले, विणकराचे गीत गेले.

प्रबोधचंद्र बागची यांनी तिबेटी अनुवादाच्या आधारे गहाळ गीतांचा आशय मिळविला आणि १९३८ मध्ये कोलकाता विद्यापीठाच्या नियतकालिकात तो मांडला. त्यावरून समजते की, या गीतात सिद्ध स्वतःलाच विणकर म्हणवितो आणि सूतही आपलेच असल्याचे सांगतो. आशय हाती आला. ज्या भाषेत तो गायिला गेला ती शब्दरचना आली नाही. भारतीय साहित्यात स्वतःच्या मागाविषयी बोलणारे कवी मोजके आहेत. कन्नडमधील जेडर दासिमय्या आणि उत्तरेतील कबीर ही त्यांतील ठळक नावे. तंत्रीपाद या मालिकेत आरंभीच्या जागी बसला असता. त्याचे गीत आशयमात्र उरावे, हे वस्त्रशास्त्राच्या एकूण नियतीशी दुर्दैवाने सुसंगत आहे.

५

तिसरे प्रकरण अंबराचे. ‘अंबर’ म्हणजे आकाश आणि ‘अंबर’ म्हणजे वस्त्र. या एका शब्दात कवींनी शेकडो श्लेष साधले आहेत. त्यांतील सर्वांत फलदायी योग ‘गीतगोविंदा’च्या वाट्याला आला.

जयदेव बाराव्या शतकात बंगालच्या लक्ष्मणसेनाच्या दरबाराशी संबद्ध मानला जातो; त्याच्या जन्मग्रामावर बंगाल व ओडिशा दोघेही हक्क सांगतात. त्याचे काव्य ज्या श्लोकाने सुरू होते, त्यात मेघांनी दाटलेले अंबर आहे. प्रसंग आकाशाचा आहे, परंतु अंधाराचे वस्त्र पांघरून राधा-माधव निघतात ही छाया शब्दात राहतेच. पुढील प्रत्येक गीतास राग व ताल नेमून दिलेला आहे. विल्यम जोन्सचा या काव्याचा इंग्रजी अनुवाद ‘एशियाटिक रिसर्चेस’च्या तिसऱ्या खंडात १७९२ मध्ये कोलकात्यात छापला गेला. भारतीय रागपद्धतीवरील जोन्सचा निबंधही त्याच खंडात आहे. एकाच खंडात काव्य एका ठिकाणी आणि संगीत दुसऱ्या ठिकाणी, अशी ही वाटणी झाली. अनुवादात अंबराचा आकाश हा एकच अर्थ उरला. दुसरी भाषा याहून अधिक काही करू शकत नव्हती.

जे अनुवादाला जमले नाही ते मागाने केले. ओडिशात नूआपाटणा येथील विणकर पुरीच्या जगन्नाथासाठी ‘खंडुआ’ हे रेशमी वस्त्र विणतात, आणि त्यात ‘गीतगोविंदा’तील पंक्ती विणलेल्या असतात. हे वस्त्र ‘बांध’ पद्धतीचे आहे. धागा मागावर चढण्यापूर्वीच ठिकठिकाणी बांधून रंगवितात. विणताना ते रंगीत ठिपके आपापल्या जागी येऊन अक्षर उमटते. याचा अर्थ असा की, पंक्तीतील प्रत्येक अक्षराची जागा सुटा धागा हातात असतानाच ठरलेली असते. छापखान्यातला जुळारी अक्षरापुढे अक्षर ठेवीत जातो. येथे संपूर्ण पंक्ती पटाच्या आधी मनात असावी लागते, जशी गायकाच्या मनात समेची जागा आवर्तन सुरू होण्यापूर्वी असते. राग-तालात बांधलेले आणि मेघाच्छादित अंबराने आरंभ होणारे काव्य वस्त्रावर आले, तेव्हा अंबर या शब्दाचे दोन्ही अर्थ वस्तुरूपाने एकत्र आले. हवामान आणि ध्वनी कापडात विणण्याचे शास्त्र कोणी कल्पिले तर त्याचे प्रात्यक्षिक याहून दूर शोधावयास नको.

आसामातील वृंदावनी वस्त्रातही असाच प्रकार आहे. लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममधील सतराव्या शतकाच्या विख्यात पटात कृष्णलीलांच्या आकृतींबरोबर शंकरदेवांच्या ‘कालियदमन’ नाटकातील मजकूर विणलेला आहे. रंगभूमीवर उच्चारावयाचे शब्द तेथे धाग्यात स्थिर झाले. नाटकाचा संहितापाठ ठरविताना अभ्यासक पोथ्या पाहतात. अशा पटांनाही साक्षीदार म्हणून स्थान देणे योग्य ठरेल.

६

या कल्पित शास्त्राच्या सर्वांत जवळ गेलेला जुना ग्रंथ मराठी वाचकाच्या ओळखीचा आहे. कल्याणीच्या चालुक्य घराण्यातील सोमेश्वराचा ‘मानसोल्लास’ शके १०५१, म्हणजे इ. स. ११२९ च्या सुमाराचा. त्यातील वस्त्रोपभोगाच्या प्रकरणात देशोदेशींच्या वस्त्रांची नावे आहेत. त्यांत वंगही आहे. राजाने उन्हाळ्यात तलम पांढरी आणि थंडीत लोकरीची वस्त्रे वापरावीत, अशी ऋतुमानानुसार योजनाही आहे. त्याच ग्रंथाच्या गीतविनोदात निरनिराळ्या भाषांतील गीते आली असून त्यांतील मराठी अंशांमुळे मराठीच्या प्राचीनतेच्या चर्चेत त्याला कायमचे स्थान मिळाले. वस्त्र, ऋतू आणि गीत येथे एका ग्रंथात आहेत. पण ती वेगवेगळ्या प्रकरणांत आहेत, आणि तिन्हींकडे पाहण्याची दृष्टी उपभोग घेणाऱ्या राजाची आहे.

एका ठिकाणी मात्र ही दृष्टी क्षणभर बदलते. महाराष्ट्रातील स्त्रिया कांडण करताना ओवी गातात, अशी नोंद सोमेश्वर करून जातो. वस्त्राच्या प्रकरणात काम करणारा हात त्याला दिसला नव्हता. गीताच्या प्रकरणात तो दिसला, कारण तेथे त्या हाताबरोबर आवाज होता. ‘ओवी’ या नावाचा संबंध ‘ओवणे’ या क्रियापदाशी लावला जातो. तो स्वीकारला तर मराठी काव्याचा आद्य छंदच सुताच्या नावाचा ठरतो. कांडणाच्या लयीवर गायिली जाणारी ही धाग्याची रचना पुढे दीडशे वर्षांच्या आसपास ‘ज्ञानेश्वरी’चे वाहन झाली. सूत्र, तंत्र व ग्रंथ या शब्दांप्रमाणेच येथेही वाङ्मयाने धाग्याचे नाव घेतले. फरक एवढाच की, ओवीच्या बाबतीत नावाबरोबर श्रमाची लयही आली.

यावरून तुलनात्मक साहित्याभ्यासाला उपयोगी पडेल असा एक निष्कर्ष निघतो. वस्त्रविषयक उपमा-रूपकांचा विचार आजवर मुख्यतः अलंकारशास्त्राच्या अंगाने झाला. विणलेली हवा ही अतिशयोक्ती, मेघडंबर हे रूपक, अंबर हा श्लेष, असे वर्गीकरण चुकीचे नाही. ते अपुरे आहे. या शब्दांच्या मुळाशी पाण्याच्या भांड्यावर धरलेली टकळी आहे, तालीम पुकारणाऱ्याचा स्वर आहे, पट येण्याआधी अक्षराची जागा मोजून बांधलेला धागा आहे. ज्या ज्ञानाला शास्त्रकार मिळाला नाही, त्याने भाषेचा आश्रय घेतला. म्हणून एखाद्या कवीने वस्त्राला मेघ म्हटले, तर ती उपमा कोणत्या रसाला पोषक आहे हे पाहावेच. त्याबरोबर ते वस्त्र कोणत्या महिन्यात, कोणत्या हवेत आणि कोणत्या बोलांवर विणले जात होते, हेही विचारावे. कोलकात्यात १७९२ पासून १९३८ पर्यंत निरनिराळ्या हेतूंनी छापल्या गेलेल्या पानांत या प्रश्नाची उत्तरे अंशतः आहेत. उरलेली नदियाच्या, नूआपाटण्याच्या आणि येवला-पैठणच्या मागांवर आहेत, आणि तेथे ती अजूनही प्रामुख्याने तोंडी आहेत. बंगालीत ‘टानापोडेन’ हा शब्द आज मनाच्या ओढाताणीसाठी वापरतात आणि मराठीत समाजाचे ‘ताणेबाणे’ तपासले जातात. ज्या अभ्यासकाला ही रूपके वापरावयाची आहेत, त्याने एकदा ताणा कसा लावतात हे पाहून यावे. तेवढे ऋण मागाचे साहित्यावर निश्चित आहे.